अमेरिकेतील बंदुकीच्या जोडसाधनांचे नियम: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकेत स्थायिक झालेली किंवा नोकरी-शिक्षणासाठी गेलेली मराठी मंडळी, तसेच तिथल्या बातम्या इथे बसून वाचणारे वाचक, बंप स्टॉक (मारा वेगवान करणारा सरकता दस्ता), सायलेन्सर, मॅगझिन (बंदुकीत गोळ्या भरण्याची पेटी) यांविषयी जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत. बातमीच्या मथळ्यात 'न्यायालयाने बंदी उठवली' एवढेच येते. ती बंदी कोणी घातली होती, न्यायालयाने ती कोणत्या कारणाने उठवली आणि ती उठल्यावर कोणते कायदे जागेवर राहिले, हे मात्र निकालपत्रात शिरल्याशिवाय कळत नाही. ही माहिती सर्वसाधारण स्वरूपाची आहे; स्वतःच्या प्रकरणासाठी त्या राज्यातील वकिलाचाच सल्ला घ्यावा.

बंदुकीचे जोडसाधन कायद्याच्या नजरेत बंदूक ठरते का?

बहुतेक वेळा ठरत नाही. दुर्बीण, खांद्याचा पट्टा, कमरेचे म्यान, नळीवर बसवायचा दिवा या वस्तू संघीय कायद्याने बंदूक मानलेल्या नाहीत आणि त्या घेण्यासाठी नोंदणी लागत नाही. अडचण येते ती ज्या साधनांमुळे बंदुकीचे वागणे बदलते त्यांच्या बाबतीत. सायलेन्सर ही स्वतः एकही गोळी न झाडणारी धातूची नळी, पण १९६८ च्या बंदूक नियंत्रण कायद्याच्या व्याख्येत ती 'बंदूक' आहे. साध्या पिस्तुलाला मशीनगन बनवणारा नाण्याएवढा भाग तर पिस्तुलावर चढवण्याआधीच, टेबलावर सुटा पडलेला असतानासुद्धा, कायद्याने 'मशीनगन' असतो. सगळ्या जोडसाधनांना मिळून लागू होईल असा एकच कायदा अमेरिकेत नाही. प्रत्येक साधन कोणत्या व्याख्येत बसते हे वेगवेगळे पाहावे लागते, आणि गेल्या काही वर्षांतले अनेक खटले या व्याख्यांच्या शब्दांवरच लढले गेले आहेत.

मुळात कोणते कायदे लागू होतात?

पाया १९३४ च्या राष्ट्रीय बंदूक कायद्याचा आहे. दारूबंदीच्या काळातील टोळीयुद्धांची पार्श्वभूमी त्याला होती. मशीनगन, सायलेन्सर, आखूड नळीची रायफल (आजची मर्यादा १६ इंच) आणि १८ इंचांपेक्षा आखूड नळीची शॉटगन यांची नोंदणी आणि हस्तांतरावर २०० डॉलरचा कर अशी ती योजना होती; स्फोटक शस्त्रे तिच्यात १९६८ मध्ये आली. त्या काळी २०० डॉलर म्हणजे आजच्या हिशेबाने चार हजारांहून अधिक, त्यामुळे नाव कराचे असले तरी हेतू सामान्य माणसाला या वस्तूंपासून दूर ठेवण्याचा होता. मूळ विधेयकात पिस्तुले आणि रिव्हॉल्व्हरही होती. ती पुढे वगळली गेली, पण लोकांनी रायफल कापून पिस्तुलासारखी लपवू नये म्हणून घातलेली आखूड नळीची अट तशीच राहून गेली. ही जुनी गोष्ट ध्यानात ठेवावी, कारण पुढे पिस्तूल ब्रेसच्या, म्हणजे पिस्तुलाला जोडायच्या आधाराच्या, वादात तिचाच संबंध येतो.

त्यानंतर १९६८ चा बंदूक नियंत्रण कायदा आला, आणि १९८६ मध्ये १९ मे नंतर नोंदलेली कोणतीही मशीनगन नागरिकांना बाळगता येणार नाही अशी बंदी आली. हे कायदे अमेरिकी संसदेने, म्हणजे काँग्रेसने केलेले आहेत. त्यांची अंमलबजावणी न्याय खात्याच्या अखत्यारीतील एटीएफ ही यंत्रणा करते. तिच्याकडे मद्य, तंबाखू, शस्त्रास्त्रे आणि स्फोटके हे विषय आहेत. काँग्रेसने केला तो कायदा आणि एटीएफने केला तो नियम, हा भेद पक्का लक्षात घेतल्याशिवाय पुढचे काहीच नीट उमगणार नाही.

बंप स्टॉक म्हणजे काय, आणि त्यावर बंदी कशी आली?

रायफलचा जो भाग खांद्याला टेकवतात त्याला दस्ता म्हणतात. बंप स्टॉक हा मागे-पुढे सरकणारा दस्ता असतो. गोळी सुटली की धक्क्याने रायफल मागे सरकते, दुसऱ्या हाताने ती पुढे दाबून धरलेली असल्याने पुन्हा पुढे येते, आणि जागेवर स्थिर ठेवलेल्या बोटावर चाप दर वेळी आपटत राहतो. बोट न हलवता गोळ्यांचा मारा चालू राहतो.

२००८ ते २०१७ या काळात एटीएफने अशा दस्त्यांविषयी वारंवार निर्वाळा दिला होता की त्यांत स्प्रिंग नसेल तर ते मशीनगनच्या व्याख्येत येत नाहीत. १ ऑक्टोबर २०१७ च्या रात्री लास वेगासमध्ये एका हॉटेलच्या ३२ व्या मजल्यावरून खालच्या संगीत महोत्सवावर एका माणसाने सुमारे दहा मिनिटांत हजाराहून अधिक गोळ्या झाडल्या. ५८ माणसे तेव्हा मारली गेली, पुढे जखमांनी आणखी दोघे दगावले आणि मृतांचा आकडा ६० झाला. त्याच्या अनेक रायफलींना बंप स्टॉक लावलेले होते. काँग्रेसमध्ये विधेयके आली, पण कायदा झाला नाही. फेब्रुवारी २०१८ मध्ये अध्यक्ष ट्रम्प यांनी न्याय खात्याला नियम करण्यास सांगितले, डिसेंबर २०१८ मध्ये तो प्रसिद्ध झाला आणि २६ मार्च २०१९ पासून बंप स्टॉक म्हणजे मशीनगन असे एटीएफने ठरवले. ज्यांच्याकडे तो होता त्यांनी तो नष्ट करावा किंवा जमा करावा, नाहीतर गुन्हा. काल ज्या वस्तूला याच यंत्रणेने लेखी परवानगी दिली होती ती आज बाळगल्यास दहा वर्षांपर्यंतचा तुरुंगवास, आणि मध्ये काँग्रेसने कायद्याचा एक शब्दही बदललेला नव्हता.

सर्वोच्च न्यायालयाने नेमके काय ठरवले?

टेक्सासमधील कारगिल नावाच्या एका बंदूक दुकानदाराने आपले दोन बंप स्टॉक जमा केले आणि सरकारवर दावा लावला. 'गार्लंड विरुद्ध कारगिल' या नावाने तो सर्वोच्च न्यायालयात पोचला आणि १४ जून २०२४ रोजी सहा विरुद्ध तीन अशा बहुमताने एटीएफचा नियम रद्द झाला.

निकालाचा सारा भार १९३४ च्या व्याख्येतील एका वाक्यांशावर आहे. चापाच्या एकाच क्रियेने, आपोआप, एकापेक्षा अधिक गोळ्या झाडणारे शस्त्र म्हणजे मशीनगन, असे ती व्याख्या सांगते. बहुमताचे निकालपत्र न्यायमूर्ती क्लॅरेन्स थॉमस यांनी लिहिले आणि चापाच्या आतील यंत्रणा दाखवणाऱ्या आकृत्या त्यात छापल्या. त्यांचे म्हणणे असे की, बंप स्टॉक लावला तरी प्रत्येक गोळीसाठी चाप सुटून पुन्हा जागेवर यावाच लागतो. दोन क्रियांमधला वेळ तेवढा कमी होतो, क्रिया एकच होत नाही. शिवाय गोळी झाडणाऱ्याला दुसऱ्या हाताने योग्य तेवढा दाब सतत द्यावा लागतो, म्हणून मारा 'आपोआप'ही नाही.

न्यायमूर्ती सोनिया सोटोमेयर यांनी आपले विरोधी मत न्यायालयात वाचून दाखवले. न्यायमूर्ती केगन आणि जॅक्सन त्यांच्या बाजूने होत्या. चापाची क्रिया म्हणजे गोळी झाडणाऱ्याने केलेली सुरुवातीची एक कृती, असा अर्थ १९३४ मध्ये सर्वांना अभिप्रेत होता आणि बंप स्टॉकवाला माणूस एकदाच सुरुवात करून मारा चालू ठेवतो, हा त्यांचा मुद्दा. मला तो मुद्दा मानवी परिणामांच्या दृष्टीने फार वजनदार वाटतो. त्याच वेळी हेही मान्य करावे लागेल की माणसाला तुरुंगात धाडणारी व्याख्या यंत्रणेच्या सोयीने रुंद-अरुंद होत राहिली तर तिचा आधार कोणालाच राहत नाही. न्यायमूर्ती सॅम्युएल अलिटो यांनी स्वतंत्र टिपण जोडून वाट दाखवली आहे: बंप स्टॉकचा घातक परिणाम मशीनगनसारखाच आहे हे लास वेगासने दाखवून दिले, पण कायद्याचा मजकूर त्या घटनेने बदलत नाही, तो बदलण्याचा अधिकार काँग्रेसचा आहे. निकालानंतर चारच दिवसांनी सिनेटमध्ये तसे विधेयक एकमताने संमत करून घेण्याचा प्रयत्न झाला आणि एका सदस्याच्या हरकतीने तो अडला. साठ माणसांच्या मृत्यूनंतर जे काम एका साध्या दुरुस्तीने व्हायला हवे होते ते काँग्रेसने अजून केलेले नाही, आणि या प्रकरणात खरा दोष तिचाच आहे असे माझे स्पष्ट मत आहे.

या निकालात शस्त्र बाळगण्याच्या घटनादत्त हक्काचा विचार झाला का?

नाही. हा निकाल व्याख्येच्या अर्थापुरता होता. तो हक्क देणाऱ्या दुसऱ्या घटनादुरुस्तीबद्दल त्यात काहीही ठरलेले नाही. म्हणूनच 'बंप स्टॉक बाळगणे हा घटनात्मक हक्क ठरला' असे जे लिहिले जाते ते चूक आहे.

मग आता बंप स्टॉक अमेरिकेत सगळीकडे चालतो का?

चालत नाही. संघीय नियम गेला, राज्यांचे कायदे राहिले. कॅलिफोर्नियात चापाचा वेग वाढवणाऱ्या साधनांवर लास वेगासच्या कितीतरी आधीपासून बंदी आहे. मॅसॅच्युसेट्सने २०१७ मध्ये, फ्लोरिडाने पार्कलँडच्या शाळेतील हत्याकांडानंतर २०१८ मध्ये, तर नेवाडाने, जिथे लास वेगासची घटना घडली त्या राज्याने, २०१९ मध्ये बंदीचा कायदा केला. न्यू जर्सीतही बंदी आहे. ही बंदी लोकनियुक्त विधिमंडळांनी केलेली असल्याने, यंत्रणेने अधिकाराबाहेर जाऊन नियम केला हा आक्षेप तिला लागू पडत नाही. न्यू जर्सीतल्या एडिसन किंवा जर्सी सिटीच्या घरात बसून टेक्सासच्या दुकानाची जाहिरात पाहणाऱ्याने हे विसरू नये.

मॅगझिन, सायलेन्सर यांना दुसऱ्या घटनादुरुस्तीचे संरक्षण आहे का?

या प्रश्नावर देशभर एकवाक्यता नाही. २००८ च्या हेलर निकालाने घरात स्वसंरक्षणासाठी बंदूक ठेवण्याचा व्यक्तिगत हक्क मान्य केला. जून २०२२ च्या ब्रुएन निकालाने सांगितले की बंदुकीवरचे निर्बंध देशाच्या ऐतिहासिक परंपरेशी जुळले पाहिजेत. पण घटनेत शब्द आहे तो 'शस्त्रे' असा. शस्त्राला लावायची वस्तू शस्त्र आहे का, हा त्यापुढचा प्रश्न, आणि तो खालच्या न्यायालयांवर येऊन पडला.

दहापेक्षा जास्त गोळ्यांच्या मॅगझिनवरील कॅलिफोर्नियाची बंदी नवव्या सर्किटच्या (सर्किट म्हणजे काही राज्यांसाठीचे संघीय अपील न्यायालय) विस्तारित खंडपीठाने मार्च २०२५ मध्ये सात विरुद्ध चार मतांनी उचलून धरली. मॅगझिनशिवाय बंदूक निरुपयोगी होईल हे खरे, पण मोठेच मॅगझिन हवे अशी बंदुकीची गरज नाही, असा तिथला युक्तिवाद आहे. विरोधी मताच्या न्यायाधीशांपैकी एकाने तर बंदुकीचे सुटे भाग हातात घेऊन समजावणारी चित्रफीतच प्रसिद्ध केली: भाग कुठे संपतो आणि जोडसाधन कुठे सुरू होते हे सांगता येत नाही, हे त्याला दाखवायचे होते. ती चित्रफीत निकालाचा भाग म्हणून वापरण्यावर सहकाऱ्यांनी आक्षेप घेतला. तरी तिच्यातील प्रश्न खरा आहे, कारण बंदुकीची पकड, चाप, निशाणदर्शक या प्रत्येकाला 'त्याच्याशिवाय भागते' असे म्हणता येईल.

सायलेन्सरबाबत पाचव्या सर्किटने फेब्रुवारी २०२५ मध्ये तो शस्त्रच नसल्याचे म्हटले होते. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये त्याने तो निकाल बदलला आणि संरक्षण आहे असे गृहीत धरले तरी नोंदणीची सध्याची पद्धत घटनेत बसते, असा निर्णय दिला.

सायलेन्सरवरचा कर शून्य झाला, म्हणजे आता तो मुक्तपणे विकत घेता येतो का?

हा गैरसमज सर्वांत जास्त पसरलेला आहे. ४ जुलै २०२५ रोजी झालेल्या कायद्याने १ जानेवारी २०२६ पासून सायलेन्सर, आखूड नळीच्या रायफली आणि शॉटगन यांच्यावरील २०० डॉलरचा कर शून्यावर आणला. मशीनगन आणि स्फोटक शस्त्रांवर तो कायम आहे. मात्र कर गेला तरी नोंदणी गेलेली नाही: अर्ज, छायाचित्र, बोटांचे ठसे, पार्श्वभूमीची तपासणी आणि मंजुरी येईपर्यंत वाट पाहणे हे सर्व पूर्वीप्रमाणेच करावे लागते. कॅलिफोर्निया, न्यू यॉर्क, न्यू जर्सी, इलिनॉय, मॅसॅच्युसेट्स, डेलावेअर, ऱ्होड आयलंड आणि हवाई या आठ राज्यांत, तसेच राजधानी वॉशिंग्टनमध्ये, सामान्य नागरिकाला तो बाळगताच येत नाही.

या बदलातून एक वेगळाच कायदेशीर पेच उभा राहिला आहे. १९३४ चा कायदा घटनेत कसा बसतो, याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयाने १९३७ मध्ये 'काँग्रेसच्या कर बसवण्याच्या अधिकारामुळे' असे दिले होते. करच शून्य झाल्यावर केवळ नोंदणीची सक्ती कोणत्या अधिकाराने करता, असा सवाल करणारे दावे दाखल झाले आहेत. सरकारला आंतरराज्य व्यापाराच्या अधिकाराचा आधार घेता येतो, तरी प्रश्न निरर्थक नाही. त्याचा निर्णय लागेपर्यंत नोंदणी न करता सायलेन्सर ठेवणे हा गंभीर गुन्हाच आहे.

सायलेन्सरमुळे आवाज पूर्ण बंद होतो ही चित्रपटांनी रूढ केलेली कल्पना. बंदुकीचा आवाज साधारण १४० डेसिबलच्या वर असतो आणि सायलेन्सर तो २० ते ३५ डेसिबलनी कमी करतो. कान वाचतात, पण गोळीबार ऐकू येतोच.

पिस्तूल ब्रेसच्या नियमाचे काय झाले?

एका हाताने जड पिस्तूल धरणे ज्यांना जमत नाही, अशा अपंग माजी सैनिकांसाठी मनगटाला बांधायचा हा आधार २०१२ च्या सुमारास बाजारात आला. पुढे अनेक जण तो खांद्याला टेकवू लागले. खांद्याला टेकवायचे आखूड नळीचे शस्त्र म्हणजे १९३४ च्या कायद्यातली आखूड रायफल, असा अर्थ लावून एटीएफने जानेवारी २०२३ मध्ये नियम केला आणि ३१ मे पर्यंत नोंदणीची मुदत दिली. एटीएफच्याच अंदाजाने अशी साधने तीस लाखांच्या घरात होती, नोंदणीचे अर्ज आले अडीच लाखांच्या आसपास. जून २०२४ मध्ये टेक्सासमधील संघीय न्यायालयाने हा नियम देशभरासाठी रद्द केला. आखूड नळीची व्याख्या करणारा मूळ कायदा मात्र जसाच्या तसा आहे.

आणि 'फोर्स्ड रिसेट' चाप?

गोळी सुटल्यावर चाप स्वतःच जोराने पुढे ढकलणारी ही यंत्रणा. एटीएफने २०२२ मध्ये त्यांतील काहींना मशीनगन ठरवले, २०२४ मध्ये टेक्सासच्या न्यायालयाने कारगिल निकालाच्या आधारे ते अमान्य केले आणि मे २०२५ मध्ये न्याय खात्याने उत्पादकाशी तडजोड केली. हे चाप पिस्तुलांसाठी बनवायचे नाहीत ही त्यातली एक अट. ज्या राज्यांत त्यांवर बंदी आहे त्यांतील अनेकांनी या तडजोडीविरुद्ध न्यायालयात धाव घेतली.

'स्विच' हा प्रकारही याच वादात मोडतो का?

अजिबात नाही, आणि याबाबत कोणाच्याही मनात शंका राहू नये. पिस्तुलाच्या मागे बसणारा हा तुकडा चाप एकदा ओढला की मॅगझिन रिकामे होईपर्यंत गोळ्या सोडत राहतो. तो व्याख्येत सरळ बसतो. कारगिल निकालाने त्याला कोणताही दिलासा दिलेला नाही. परदेशी संकेतस्थळांवर तो क्षुल्लक किमतीत भलत्याच नावाने विकला जातो, घरच्या थ्रीडी प्रिंटरवरही बनवला जातो, आणि कॉलेजला जाणारी मुले गंमत म्हणून मागवतात. शिक्षा दहा वर्षांपर्यंत आहे. घरात वयात आलेला मुलगा किंवा मुलगी असेल तर आई-वडिलांनी ही गोष्ट बसवून सांगावी.

एच-१बी किंवा विद्यार्थी व्हिसावर असलेल्यांना हे नियम कसे लागू होतात?

अधिक कडक. तात्पुरत्या व्हिसावरील परदेशी नागरिकाला बंदूक किंवा काडतुसे बाळगण्यास संघीय कायद्याची मनाई आहे. वैध शिकार परवाना असणे यांसारखे मोजके अपवाद आहेत. उल्लंघनाला १५ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. दुर्बीण किंवा म्यान या मनाईत येत नाही, पण सायलेन्सर व्याख्येनेच बंदूक असल्यामुळे येतो. ग्रीन कार्डधारकांना ही मनाई लागू नाही.

याहून महत्त्वाची बाब हद्दपारीची. बंदुकीच्या गुन्ह्यात दोषी ठरलेल्या परदेशी नागरिकाला देशाबाहेर काढण्याची तरतूद स्थलांतर कायद्यात आहे आणि तिच्या मजकुरात शस्त्राबरोबर, व्याख्येने बंदूक ठरणारे 'भाग' आणि 'जोडसाधने' हे शब्द स्पष्ट लिहिलेले आहेत. ती ग्रीन कार्डधारकालाही लागू आहे. अमेरिकी नागरिक शेजाऱ्याला ज्या चुकीसाठी दंडावर सुटता येईल, त्याच चुकीसाठी वीस वर्षे तिथे घर, मुले, कर्ज असलेल्या माणसाला परतीचे विमान धरावे लागू शकते. वकिलाच्या सल्ल्याशिवाय आरोप कबूल करू नये, आणि तो वकील स्थलांतर कायदा जाणणारा असावा.

एका राज्यातून दुसऱ्या राज्यात घर हलवताना काय पाहावे?

नव्या राज्याची मॅगझिनची मर्यादा आणि सायलेन्सरवरची बंदी सामान बांधण्याआधी पाहावी. मशीनगन आणि आखूड नळीची शस्त्रे राज्याबाहेर नेण्यासाठी एटीएफची पूर्वपरवानगी लागते. सायलेन्सरसाठी ती लागत नाही, पण नव्या राज्यात तो कायदेशीर असावा लागतो.

भारतात अशा साधनांची स्थिती काय आहे?

इथे शस्त्रे हा विषय घटनेच्या सातव्या अनुसूचीतील संघ सूचीत आहे, त्यामुळे महाराष्ट्रात एक आणि गोव्यात दुसरा कायदा असा प्रकार नाही. १९५९ च्या शस्त्र अधिनियमातील 'अग्निशस्त्र' या व्याख्येतच गोळीबाराचा आवाज किंवा लखलखाट कमी करणारी जोडसाधने आणि अग्निशस्त्रांचे भाग समाविष्ट आहेत. म्हणजे सायलेन्सर हा भारतातही कायद्याने अग्निशस्त्रच. परवाना पोलीस आयुक्तालयाच्या हद्दीत आयुक्त आणि इतरत्र जिल्हाधिकारी देतात, आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतर एका व्यक्तीला ठेवता येणाऱ्या अग्निशस्त्रांची संख्या तीनवरून दोनवर आली आहे. शस्त्र बाळगणे हा इथे घटनात्मक हक्क नाही. अमेरिकेत रीतसर घेतलेले साधन सुटीवर येताना बॅगेतून आणले तर तिथली पावती मुंबईच्या विमानतळावर उपयोगी पडणार नाही. नेमबाजीच्या रेंजवर वापरलेली बॅग प्रवासाला घेण्यापूर्वी तिचे सगळे कप्पे उलटे करून पाहावेत, कारण अस्तरात राहिलेले एक जिवंत काडतूसही गुन्हा नोंदला जाण्यास पुरते.